टँकरवरचं वाळवंटी गाणं

दुष्काळाच्या वर्षांत पुंडलिकनगरात आमच्या गल्लीच्या टँकरची यादी माझ्याकडे होती. आता घरोघरी नळ आहेत, तरी ती जाड, घरघरणारी गिटार कुठं ऐकू आली की माझा हात बादलीकडे जातो.

टँकरवाला कन्नड तालुक्याकडचा. नाव मी कधी विचारलं नाही. तो हॉर्न वाजवत नसे. गल्लीत शिरताच एकच परदेशी रॉक गाणं मोठ्यानं लावायचा आणि पाइप सोडताना चपलेनं ताल धरायचा.

"अर्थ कळतो का रे?" मी एकदा विचारलं.

"नाय काकू. वाळवंटातलं हाय म्हणं. म्हणलं, मग आपलंच की!"

समोरच्या निवृत्त मास्तरांना ते सहन होईना. "त्याला भजन लावायला सांगा," म्हणाले. मी सांगितलं. पुढच्या खेपेला त्यानं मुकाट भजन लावलं. लोकांना वाटलं, देवळातला भोंगा वाजतोय. यादीतल्या बावीस घरांपैकी तीनच दारं उघडली. टँकर दहा मिनिटं थांबे, मग पुढच्या गल्लीत जाई आणि चार दिवसांनीच परत येई. आठ मिनिटं संपली होती. दुसरा असता तर गंमत बघत निघून गेला असता.

"काकू, लावू का?" त्यानं विचारलं.

"लाव बाबा."

पहिल्या ठोक्यालाच गल्ली बाहेर आली. सगळ्यांत पुढं मास्तर, दोन्ही हातांत बादल्या. त्यानं त्यांच्या बादलीत पाइप सोडला आणि आदबीनं विचारलं, "मास्तर, भजन ऐकून झालं व्हय?"