जानकीबायचं समन्स

हे मी कोणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही — आणि त्या दिवशी मी होतो तिच्याचजवळ.

रत्नागिरीला मी कोर्टात बेलिफ होतो. गावोगाव समन्स पोचवायचं; माणूस भेटला नाही तर त्याच्या दाराला डकवायचं आणि तसं लिहून आणायचं. मला पाहून लोक दार लावून घेत. खाडीपलीकडची जानकीबाय मात्र ओटीवर बसवायची, गूळपाणी द्यायची, भाऊ म्हणायची.

तिचा नवरा तांडेल, मासेमारीच्या होडीचा म्होरक्या. स्वतःच्या होडीसाठी, मचव्यासाठी, बँकेचं कर्ज काढलं आणि तापाने गेला. मचवा तिने विकला नाही — खलाशी ठेवून चालवला, वसुलीला येणाऱ्या कारकुनाकडे हप्ते भरले. ते बँकेत पोचलेच नव्हते, हे तिला कुठून कळणार? बँकेने दावा लावला. समन्स माझ्याकडे आलं.

त्याच दिवशी माझ्या मुलीचं बारसं होतं, सासुरवाडीला, अगदी उलट्या वाटेला. मी — तिकडे गेलो. परतल्यावर कागदावर लिहिलं: घर बंद, दाराला डकवलं, शेजारी सही देत नाहीत. लिहिताना हात थांबला का? नाही. उद्या जाऊन तिला सांगू म्हटलं. तो उद्या मी आणलाच नाही.

तिच्या गैरहजेरीत बँकेच्या बाजूने हुकूमनामा झाला. मचव्यावर जप्ती आली तेव्हा तिला दावा कळला. तिने वकील दिला, अर्ज केला — मला समन्स मिळालंच नाही, माझं ऐका. मग मला पिंजऱ्यात बोलावलं. शपथ घेऊन मी म्हणालो, डकवलं. नोकरी जाईल, तुरुंग होईल — एवढंच डोक्यात होतं.

मुन्सफांनी तिला विचारलं, बेलिफ खोटं बोलतोय असं तुझं म्हणणं आहे का?

तिने माझ्याकडे पाहिलं. किती वेळ? मला अजून सांगता येत नाही.

"भाऊ खोटं बोलायचा नाय," ती म्हणाली. "डकवलं असंल त्यानं. वाऱ्यानं उडालं असंल."

तेच लिहून घेतलं गेलं. अर्ज फेटाळला.

पण इथवरच असतं तर — नाही, पुढचंही सांगतो. आठवड्याने ती माझ्या घरी आली. फडक्यात पावत्या बांधलेल्या. मला वाचायला दिल्या. मी वाचल्या. शेवटचे दोन हप्ते सोडले तर सगळे भरलेले होते.

"वकील म्हंतो अपील करू. तू कोर्टातला. काय करू सांग."

अपील म्हणजे पुन्हा चौकशी. कदाचित शेजाऱ्यांना विचारतील, दार कधी बंद होतं म्हणून. मी पावत्यांची नीट घडी घातली आणि म्हणालो, "नको जानकीबाय. उगीच पैसे जातील."

तिने फडकं बांधलं. "बरं झालं तुला इचारलं," म्हणाली. पाळण्यात वाकून पोरीच्या गालाला हात लावला आणि गेली.

मचवा लिलावात गेला. पुढे ती दुसऱ्यांची मासळी घेऊन बाजारात बसायची. मी दिसलो की लांबूनच हाक मारायची — "भाऊ." आणि ती वारेपर्यंत, इतकी वर्षं, मी त्या हाकेला ओ देत राहिलो.