आणि नसतं तर?

सुमनताईंना चांगली बातमी सांगायची तर आधी मन घट्ट करावं लागायचं. आमच्या ऑफिसची गाडी चालवणारे शिंदेभाऊ एकदा म्हणाले, "ताई, बायकोने काढा दिला आणि आठवड्यात सर्दी पळाली बघा."

ताईंनी चष्मा कपाळावर सरकवला. "आणि काढा नसता घेतला तर?"

भाऊंनी बोटांवर दिवस मोजले. "तरी आठवड्यात गेलीच असती म्हणा."

"मग काढ्याचं कौतुक पुरे. रात्री उठून तो केला त्या बाईचं करा."

हेच ताईंचं काम होतं. सरकारी योजनांचं मूल्यमापन. योजना आली आणि गाव सुधारलं, एवढ्याने त्यांचं समाधान व्हायचं नाही. योजना नसती तर गाव सुधारलंच नसतं का, हे त्या शोधत बसायच्या. त्यासाठी लोणावळ्यात, तुंगार्लीच्या रस्त्याला, दोन खोल्यांचं ऑफिस त्यांनी थाटलं होतं.

मी आंदर मावळातली. आमच्या घरात माझ्याआधी कुणी कॉलेजची पायरी चढलेलं नाही, आणि हे मी कुणी न विचारताही सांगते. नोकरीच्या मुलाखतीतही सांगितलं. "लोणावळ्याच्या मुलींच्या वसतिगृहात जागा मिळाली म्हणून शिकले. ते नसतं तर आज भातलावणीला वाकलेली दिसले असते."

"कशावरून?" ताई म्हणाल्या.

माझ्या आयुष्याबद्दल मला असं तोवर कुणी विचारलं नव्हतं. मला राग आला. नोकरी मात्र मिळाली.

पुढे त्याच वसतिगृहाचं काम आमच्याकडे आलं. ते चालू ठेवायचं की बंद करायचं, हे आमच्या अहवालावर ठरणार होतं. मी उत्साहाने पिशवी भरून दारात उभी राहिले.

"तू यायचं नाहीस," ताई म्हणाल्या. "तू प्रश्न विचारणाऱ्यांत नाहीस, उत्तर देणाऱ्यांत आहेस. बस समोर."

वसतिगृहात खाटा कमी आणि अर्ज जास्त, म्हणून प्रवेश चिठ्ठ्या टाकून व्हायचा. माझी चिठ्ठी निघाली तेव्हा आईने विहारापुढे साखर वाटली होती. ताईंना त्या चिठ्ठ्यांचा वेगळाच आनंद. "चिठ्ठीला हुशार-मठ्ठ कळत नाही. नाव निघालं त्या आणि नाही निघालं त्या, मुली सारख्याच. नाही निघालं त्या आज कुठे आहेत, ते बघू."

ताईंनी बघितलं. त्यांनी आणलेली यादी मी दोनदा वाचली. त्यातल्या बऱ्याच जणी शिकल्या होत्या. कुणी मामाकडे राहून, कुणी जीपला लटकून. एक तर माझ्याच वर्गातली होती, माझ्यापेक्षा चांगल्या नोकरीत.

"ताई, हे असंच लिहिलं तर वसतिगृहाला कुलूप लागेल."

"आणि गोड लिहिलं तर ते कुणाच्या उपयोगाचं आहे, हे कधीच कळायचं नाही." मग कागद बाजूला सारून, "तुझ्या आईला विचारलंस का?"

"काय?"

"वसतिगृह नसतं तर?"

मी रागानेच गावी गेले. आई गोठ्यात होती.

"आये, माझी चिठ्ठी निघाली नसती तर?"

"तर तुंगार्लीला आत्याकडं," आई शेण गोळा करता करता म्हणाली. "बोलणं झालंतं की. तिनं फळीवरची भांडी काढून तुज्या पुस्तकांना जागा बी केलती."

"मला कधी बोलली नाहीस."

"तू कवा इचारलंस? तू आपली हास्टेलचं कवतिक सांगत बसायचीस. माज्याच म्होरं."

मी तिथेच उंबऱ्यावर बसले. माझ्या शिक्षणाची गोष्ट मी दिसेल त्याला ऐकवली होती. त्या गोष्टीत आईच नव्हती.

"उठ, म्हस आत यायची हाय," आई म्हणाली.

परत आले तेव्हा ताईंचा शोध पुढे सरकला होता. वरच्या वाड्यांतल्या ज्या मुलींना लोणावळ्यात ना आत्या ना मामा, त्यांच्यातली चिठ्ठी न निघालेली एकही पुढे शिकली नव्हती. चिठ्ठी निघालेल्या शिकल्या होत्या. ताईंनी दोन्ही गोष्टी अहवालात लिहिल्या, एकही मऊ न करता. वसतिगृह टिकलं. सरसकट चिठ्ठ्या गेल्या, आणि आता खाटा आधी त्या वाड्यांतल्या मुलींना मिळतात. माझ्यासारखीला तिथे आता जागा मिळणार नाही, आणि ते बरोबर आहे.

गेल्या पावसाळ्यात ताई ऑफिसात, खुर्चीतच गेल्या. चहा सांगितला होता. शिंदेभाऊ कप घेऊन आत गेले आणि तसाच कप घेऊन बाहेर आले. आदल्याच दिवशी ताई पायी तलावापर्यंत जाऊन आल्या होत्या.

शोकसभेला खोली भरली होती. जो उठे तो म्हणे, "ताई नसत्या तर..." आणि थांबे. पुढचं "कशावरून?" सगळ्यांनाच ऐकू येत होतं. शिंदेभाऊ तर तेवढंच बोलून खाली बसले.

माझी पाळी आली. आई माझ्या शेजारी बसली होती, मीच तिला आणलं होतं.

"ताई नसत्या तर मी आईला कधी विचारलंच नसतं," मी म्हणाले. "माझ्याकडे पुरावा आहे. त्यांच्याआधी कधीच विचारलं नव्हतं."