नदीवर जा म्हटलं तेव्हा

सीमेवरच्या तिआउ नदीपलीकडची गावं सैनिकांनी जाळली आणि माणसं पोरांना पाठुंगळी बांधून डोंगर चढून आली, तेव्हा गाव जिला मानानं 'पी' म्हणे, त्या रोझामीनं कुणाला न विचारता दार उघडलं. नवरा जाऊन बरीच वर्षं झाली होती, लेक ऐजॉलला नांदत होती. घर खायला उठायचं. त्या माणसांतली सुईत्याल आणि तिची तान्ही पोर राहायला आली आणि चुलीपाशी पुन्हा बोलणं सुरू झालं.

मग उन्हाळ्यात गावचा झरा आटला. पहाटेपासून रांगेत उभं राहिलं तरी जेमतेम डबाभर पाणी मिळायचं. शेजारीण छुआनी एका पहाटे रांगेत म्हणालीच, "तुझं बरंय बाई. पाहुणे तुझे, आणि तहान आमच्या वाट्याला."

रोझामीनं तिला झिडकारलं, पण तो बोल काही मनातून जाईना.

त्याच सकाळी सुईत्यालनं साठवणीच्या पाण्यानं तापानं फणफणलेल्या लेकीचं अंग पुसलं. डबा रिकामा बघून रोझामी कडाडली, "एवढं पाणी लागतं तर तुझ्या नदीवर जा."

सुईत्यालनं भांडी राखेनं कोरडीच घासली, पालथी घातली आणि पोरीला पाठीशी बांधून ती निघून गेली.

दुपारपर्यंत रोझामी घरात येरझाऱ्या घालत राहिली. शेवटी मैदानावर, पलीकडून आलेले बाकीचे राहत त्या ताडपत्रीच्या तंबूंकडं गेली. तिथली एक बाई म्हणाली, "ती? नदीच्या वाटेनं उतरताना दिसली."

पलीकडं सैनिक होते. गुडघे धरत, झुडपांचा आधार घेत रोझामी उतार उतरली.

सुईत्याल काठाशी पाण्यात उभी राहून पोरीच्या डोक्यावर ओंजळीनं पाणी सोडत होती.

"पलीकडं निघालीस?"

"पलीकडं कोण उरलंय माझं, पी? तुम्ही नदीवर जा म्हणालात, म्हणून आले."

"रागात बोलले गं."

"रागात, पण खरंच बोललात. पाणी नाहीच आहे."

रोझामीनं पोरीला आपल्या पाठीशी बांधलं आणि दोघी चढ चढल्या. वर आल्यावर सुईत्यालनं पोर मागून घेतली आणि तंबूंकडं वळली.

पुढं ती दर रविवारी प्रार्थनेनंतर यायची, चहा प्यायची, हसून बोलायची. राहा म्हटलं की उठायची. आणि रोझामी आठवडाभर, पावलं वाजली की, हातातलं काम टाकून दाराशी जायची.