बिनवाक्यांचा नवरा

औषधांच्या दुकानात काउंटरवर उभी असायची म्हणून सगळे तिला गोळीबाई म्हणत. समोर गिऱ्हाईक खोकत उभं आणि ही बाई रिकाम्या खोक्याच्या पाठीवर नाटकाचे संवाद खरडतेय, असा कारभार. मालक कुरकुरायचा, पण तिच्या हातून औषध कधी चुकलं नाही, त्यामुळे त्याचं काही चालत नसे.

यंदा हौशी नाटकमंडळींसाठी तिनं चक्क स्वतःचंच घर लिहायला घेतलं. सासूचा तोरा, नणंदेचं काड्या लावणं, आणि त्या दोघींनी हिची बॅग भरून दाराबाहेर ठेवली तो दिवस. सासूबाई आता हयात नव्हत्या. नणंदेनं नाटक वाचलं आणि "ही नणंद थेट आमच्या शेजारणीसारखी आहे गं," असं म्हणून मोकळी झाली.

दिग्दर्शकानं मात्र मेख मारली. "या घरात नवरा नाही का?"

"आहे की. पण तो काही बोलतच नाही."

"नसेना का बोलत, दिसू तर दे. घर त्याचंच आहे ना?"

झाली पंचाईत. तिचा नवरा लिफ्ट दुरुस्त करणारा, निर्व्यसनी, साधा माणूस. पण त्या दिवसाबद्दल त्यानं कधी चकार शब्द काढला नव्हता. माफी वगैरे राहू दे, 'मला सगळं दिसत होतं' एवढं तरी त्यानं एकदा म्हणावं, म्हणून ही इतकी वर्षं वाट बघत होती. आणि हा गृहस्थ जगाच्या लिफ्ट वर-खाली करण्यात मग्न. शेवटी तिनं लिहिलं: नवरा टेबलापाशी मान खाली घालून बसून राहतो.

तालमीच्या वेळी तिचा खरा नवरा तिला न्यायला आला आणि मागच्या खुर्चीवर टेकला. समोर बॅग दाराबाहेर गेली. सुनेनं नवऱ्याकडे बघितलं. नवऱ्याचं काम करणारा नट थोडा वेळ बसून राहिला आणि मग वैतागला.

"बाई, एखादं तरी वाक्य द्या हो. असा ठोंब्यासारखा किती वेळ बसू?"

"बसू नका," मागून आवाज आला. गोळीबाईचा नवरा उठून उभा राहिला होता. "तो बसला नव्हता. चपला घातल्या आणि बाहेर निघून गेला. त्या बॅगेला वळसा घालून."

मंडळींना काही उमगेना. गोळीबाईला हे ठाऊकच होतं. चारचौघांत त्याची लाज जाऊ नये, म्हणून तिनंच त्याला खुर्चीत बसवलं होतं. तिनं पेन काढलं.

"कुठल्या वाक्यावर उठतो?" तिनं विचारलं.

"तू माझ्याकडे बघितलंस ना," तो म्हणाला, "तेव्हा."