लादीवर नाचणारी मॅडम

सरळ चालणाऱ्या माणसांकडे सांगण्यासारखं काही नसतं. किस्से साठतात ते घसरणाऱ्यांकडे, आणि मी तर घसरायचा क्लासच चालवते! चार जण चहाला जमले की कोणीतरी म्हणतंच, "मॅडम, तो कोल्ड स्टोरेजवाला सांगा ना." मग एकातून दुसरा निघतो आणि चहा गार होतो.

तर मी आईस डान्सर. म्हणजे होते. नाशिकची. हे वाक्य ऐकलं की लोक आधी माझ्याकडे बघतात, मग वर उन्हाकडे. नाशिकमध्ये बर्फ उसाच्या रसात सापडतो, त्यावर कोणी नाचत नाही, हे मलाही मान्य आहे. आम्ही शिकलो चाकांच्या बुटांवर, सिमेंटच्या रिंकवर. खरा बर्फ स्पर्धेपुरता. आता स्पर्धा सुटली. मी पोरांना शिकवते, नाच बसवते, आणि एकच हट्ट धरून बसले आहे: माझ्या हातची एक तरी नाशिकची जोडी खऱ्या बर्फावर उतरावी आणि पुढेही टिकावी. तशी एक जोडी मिळाली आणि ती टिकते की नाही म्हणून माझा जीव टांगणीला लागला. पण ते शेवटी सांगते. आधी माझी फजिती.

*

आईला 'डान्स' हा शब्द कॉलनीत नको होता. म्हणून ती शेजारणींना सांगायची, "आमची पोरगी लादीवर नाचते."

झालं! सगळ्या बिल्डिंगचा समज असा, की मला घरातल्या फरशीवर नाचायचा नाद आहे. एकदा मी स्पर्धेहून परत आले, तर खालच्या काकू तक्रार घेऊन वर आल्या. "अगं, नाच, पण दुपारी नको. ह्यांची नाइट शिफ्ट असते, झोपमोड होते." मी आठवडाभर गावातच नव्हते. आई शेंगदाण्याचं कूट करत होती.

शेवटी आईनं खुलासा केला, की लादी म्हणजे बर्फाची लादी. तेव्हा आमच्याकडे समोरचे रिटायर हवालदार काका बसले होते. त्यांनी कप खाली ठेवला आणि मला आपादमस्तक न्याहाळलं.

"बर्फाच्या लादीवर? अगं, लादीचं नुसतं नाव काढलं की आमच्याकडे माणूस घडाघडा बोलायचा. तू काय कबूल केलंस?"

*

आईस डान्स जोडीनं करायचा असतो. माझा जोडीदार निखिल, माझा आतेभाऊ. आत्या या सगळ्या प्रकाराला 'बर्फावरची फुगडी' म्हणायची, आणि खरं सांगायचं तर आमचा पहिला कार्यक्रम बघून कोणीही तेच म्हणालं असतं.

आमच्या चाकांच्या बुटांना मागे ब्रेक असतो. टाच दाबली की माणूस थांबतो. बर्फाच्या बुटांना तसला ब्रेक नसतो. हे मला कोणी सांगितलं नव्हतं, कारण सांगणारे सगळे नाशिकचे होते!

दिल्लीकडच्या एका मॉलमधलं रिंक. माझा बर्फावरचा पहिला दिवस. मी झोकात सुटले, समोर पंचांचं टेबल आलं, मी टाच दाबली. पुन्हा दाबली. बूट काही ऐकेनात. निखिल केव्हाच हात सोडून मोकळा झाला होता. मी जिवाच्या आकांतानं ओरडले, "सरका! सरका!"

पंच उत्तरेकडचे. ते सरकायचे सोडून हसतमुखानं उठून उभे राहिले. पुढच्या क्षणी टेबल, पाण्याच्या बाटल्या, पंच आणि मी, सगळे एका ढिगात. सगळ्यात ज्येष्ठ पंच चष्मा शोधत म्हणाले, "बेटी, 'सरकार, सरकार' कहके इतनी इज़्ज़त से आज तक कोई नहीं टकराया!"

*

पुढे आम्ही देशात तिसरे आलो. खरंच! कांस्यपदक घरी आहे, आई त्याला दर रविवारी चिंच लावते.

विहारात सत्कार झाला, चौकात फ्लेक्स लागला. फ्लेक्सवर माझ्या फोटोमागे हिमालय होता आणि निखिलचा अर्धा चेहरा स्थानिक नेत्याच्या खांद्याआड गेला होता. एक पत्रकार मुलाखतीला आला. सगळं नीट चाललं होतं, आणि त्यानं विचारलं, "एकूण जोड्या किती होत्या?"

मी निखिलकडे बघितलं. निखिलनं छताकडे बघितलं. जोड्या तीनच होत्या.

"तसं मोजलं नाही," निखिल गंभीरपणे म्हणाला, "पण आमच्या मागे कोणी दिसतच नव्हतं."

दुसऱ्या दिवशी बातमी आली: 'प्रतिस्पर्ध्यांना खूप मागे टाकत नाशिकच्या जोडीची झेप'!

*

आता तो कोल्ड स्टोरेजवाला.

पुढच्या स्पर्धेआधी आम्हाला बर्फावर सराव हवा होता. निखिलच्या डोक्यात आलं, पिंपळगाव बसवंतला द्राक्षांचे एवढे कोल्ड स्टोरेज आहेत, तिथे बर्फच बर्फ असणार. मित्राच्या ओळखीनं एका ठिकाणी परवानगी काढली. आम्ही मे महिन्याच्या उन्हात स्वेटर घालून, पात्यांचे बूट गळ्यात अडकवून, टेम्पोत बसून गेलो. रस्त्यावरचे लोक आमच्याकडे दयेनं बघत होते.

सुपरवायझर अण्णांनी भलंमोठं दार उघडलं. आत कडाक्याची थंडी आणि कोरडी ठणठणीत जमीन.

"अण्णा, बर्फ?" मी विचारलं.

अण्णांचा चेहरा पडला. "कुठं? कुठं दिसला?" ते बॅटरी घेऊन आत धावले. कोपरा अन् कोपरा पाहून, घाम पुसत बाहेर आले. "काय घाबरवता ताई! बर्फ धरला म्हंजे माल गेला. बर्फ होऊ नाय म्हणून तर मला इथं ठिवलाय!"

आम्ही नाचायला आलोय हे सांगायचं धैर्य दोघांनाही झालं नाही. निखिल म्हणाला, "बर्फ नाही ना, तेच बघायला आलो होतो." अण्णांनी खूश होऊन आम्हाला चहा पाजला.

*

मग माझ्या गुडघ्यानं राजीनामा दिला आणि निखिलला अंबडला कंपनीत नोकरी लागली. स्पर्धा संपली. मला फार वाईट वाटलं, उगाच कशाला खोटं बोलू. महिनाभर मी बुटांकडे बघितलं नाही.

आत्याचं मात्र वेगळंच चाललं होतं. आतेभाऊ-मामेबहीण, रीतीत बसतं, शिवाय इतकी वर्षं हातात हात आहेच. तिनं सगळ्यांसमोर निखिलला विचारलं, "मग, काय ठरवलंय तुम्ही दोघांनी?"

"आई," निखिल म्हणाला, "हिच्या भरवशावर मी गुडघे दिले, कंबर दिली. आता आयुष्य पण देऊ?"

मला हायसं वाटलं, आणि थोडा रागही आला. एवढं पटकन बोलायची काय गरज होती?

त्याचं लग्न प्रियंकाशी ठरलं आणि संगीताचा नाच बसवायचं काम माझ्याकडे आलं. कोरिओग्राफर म्हणून माझी ही पहिली कामगिरी! मी साध्या चार गिरक्या बसवल्या. पण ऐन कार्यक्रमात निखिलला जुनी सवय आठवली. गाणं वर चढलं आणि त्यानं प्रियंकाला भरजरी शालूसकट उचललं. मांडवात शिट्ट्या! गाणं संपलं. टाळ्या संपल्या. निखिल तिला घेऊन तसाच उभा, लालबुंद.

वरूनच प्रियंकानं मला शांतपणे विचारलं, "ताई, तुमच्याकडे खाली ठेवायचं शिकवत नाहीत का?"

खरंय. स्पर्धेत पण आमचे गुण तिथेच जायचे.

*

शिकवायला लागले तेव्हा कळलं, की कोचचं निम्मं काम पालकांना उत्तरं देणं हे आहे. "मॅडम, ह्यानं उंची वाढते का?" "गणित सुधारतं का?" एक आई तर हळूच म्हणाली, "ह्यानं जेवण वाढतं असं ऐकलंय, ते कमी करता येईल का?"

उरलेलं निम्मं काम म्हणजे "गुडघे! गुडघे!" असं ओरडणं. गुडघे वाकवले नाहीत तर माणूस पडतो, एवढंच माझं तत्त्वज्ञान. पोरं मला मागून 'गुडघे मॅडम' म्हणतात. परवा ओळखीतल्या एका लग्नात सप्तपदी चालू होती, नवरा ताठ चालत होता, आणि माझ्या तोंडून निघून गेलं, "गुडघे!" नवऱ्यानं बिचाऱ्यानं वाकवले.

*

आता ती जोडी. पायल आणि तिचा धाकटा भाऊ यश. मूळ देवळ्याचे, शिकायला नाशिकला मामाकडे. पायल पहिल्यांदा चाकांवर उभी राहिली आणि मी न सांगता तिनं गुडघे वाकवले. मी तिथल्या तिथे प्रेमात पडले!

वडिलांचं नाव दादाभाऊ, कांद्याची शेती. भावाबहिणीला प्रेमाबिमाचा नाच शोभेना, म्हणून मी त्यांना त्यांच्या खळ्यातलाच नाच बसवून दिला: पात कापायची, पाटी एकानं फेकायची, दुसऱ्यानं झेलायची. दादाभाऊंनी तो चाकांवर पाहिला. म्हणाले, "हे तर आमच्याकडं रोज चालतं. ह्याला शिकवणी कशाला?"

पायल दहावीत गेली तेव्हा मात्र ते ठरवूनच आले. "मॅडम, राग मानू नका. एक डाव पोरांना बर्फ दाखवा, हौस फिटू द्या. मंग बंद. बूट मी माळ्यावर टाकणार." पायल शेजारीच होती. ती बांधलेली लेस सोडून पुन्हा बांधत बसली. मला रडूच आलं, म्हणून मी उगाच दुसऱ्या पोरांवर ओरडून घेतलं.

पोरगी एवढ्या लांब एकटी नको, म्हणून दादाभाऊ सोबत आले. रेल्वेत मी त्यांना सगळं समजावत होते. नाच झाला की निकालाची वाट बघत एका बाकावर बसायचं, त्या जागेला 'किस अँड क्राय' म्हणतात. दादाभाऊंनी यशकडून अर्थ विचारून घेतला.

"किस नाय चालायचा मॅडम," ते म्हणाले. "रडायला हरकत नाय."

रिंकवर पोरांची नावं पुकारली. पायलच्या पायात मी तिला देऊन टाकलेले माझे जुने बूट, दोन-दोन मोजे घालून बसवलेले. यशच्या पायात निखिलचे. दादाभाऊ मफलर गुंडाळून कठड्याला टेकून उभे. मी त्यांच्या शेजारी. मी स्वतः नाचताना इतकी कधी घाबरले नव्हते.

सुरुवात छान झाली. आणि मधोमध यश आपटला. आपटला तो आपटला, वर मांडी घालून असा बसला, जणू मीच तसं बसवलंय! संगीत पुढे चाललेलं. पायलनं त्याच्याभोवती एक गिरकी घेतली आणि खणखणीत अहिराणीत ओरडली, "ऊठ! कसाले बसना?"

पंचांनी एकमेकांकडे बघितलं. यश ताडकन उठला. तिनं त्याचा हात धरला, दोघांनी धावत संगीत गाठलं, पाटी फेकली, पाटी झेलली आणि नाच पुरा केला. लोक उभे राहून टाळ्या वाजवत होते. माझ्या डोळ्यांना काही दिसेना.

नंबर चौथा आला. जोड्या चार होत्या.

बाकावर पायलनं बूट काढले. मोजे आत नीट खोचले, दोन्ही बूट एकमेकांना लावले आणि वडिलांच्या पायाशी ठेवले. ठरलेलंच होतं तसं. मी रेल्वेत मोठं भाषण तयार केलं होतं, दादाभाऊंना हात जोडून काय काय सांगायचं ते. ते सुरू करायला मी पुढे सरकले.

दादाभाऊ बर्फाकडे बघत होते. मग वाकून त्यांनी एक बूट उचलला, उलटा केला, खांद्यावरच्या टॉवेलनं पातं कोरडं पुसलं आणि त्यावरून आडवा अंगठा फिरवला. तोंड वाकडं केलं.

"बोथट झालंय हे, मॅडम. नाशकात धार कुठं लावून मिळंल?"