जिल्ह्यात सगळ्यात जास्त वेळा मेलेली बाई

आमच्या जालना जिल्ह्यात माझ्या आतेबहिणीइतक्या वेळा कोणी मेलेलं न्हाई, हे मी छातीठोक सांगतो. टीव्हीच्या मालिकांत तिनं उभं आयुष्य काढलं, पण नायिका एकदाबी झाली न्हाई. कधी दाई, कधी खाष्ट सासू, कधी मोलकरीण. अन् चार-पाच भाग झाले की तिला खोकला लागायचा, मंग आम्ही समजून घ्यायचं. एकदा मंगळवारी ती टीव्हीत तापानं मेली अन् शुक्रवारी जाफराबादेत जीपमधून उतरली. समोरची म्हातारी हातातली पिशवी टाकून पळाली. ही मागून वरडली, "अहो मावशी, भाजी तरी न्या! मेलेल्या माणसाला काय कामाची?"

तिची कला म्हणजे सरळ चोरी. राजूरच्या गणपतीला गेली तरी देवाकडं कमी अन् रांगेतल्या बायांकडं जास्त पाहायची. कोणाचं नाक ओढणं, कोणाचं पदर खोचणं उचलून आणायची अन् दोन महिन्यांनी ते टीव्हीत दिसायचं. पिंपळगावची बांगड्या भरणारी कासारीण तर रागवायचं सोडून भर चौकात सांगत फिरली, "ती हात झटकणारी मीच बरं का!" मी बजावलं होतं, "बाई, गावातलं चोर, घरातलं चोरू नको." तर म्हणाली, "दादा, घरातलंच तर पक्कं पाठ असतं."

अन् तिनं चोरलंच. माझी आई जाऊन वर्ष झालं न्हवतं. शेजाऱ्याच्या टीव्हीपुढं पंधरा-वीस माणसं बसलेली. पडद्यावर म्हातारी आली: डावा हात कंबरेवर, उजवा पाय जरासा ओढत, मधीच थांबून मागं वळून पाहणारी. मालिकेत ती हसवायलाच ठेवली होती, सगळे हसले. एक जण म्हणाला, "अरे, ही तर बिलकुल तुझी आई!" मी उठून आलो. चौथी शिकलेला असलो तरी आईला हसलेलं ऐकून घेणारा मी न्हाई. बहिणीशी बोलणं बंद केलं, ते वीस वर्षं. तिच्या लेकीच्या लग्नालाबी गेलो न्हाई. माझंच बराबर होतं.

परवा ती न बोलावता आली. म्हणाली, "आता मरायलाबी कोणी बोलवत न्हाई, दादा. तरण्या पोरींना पांढरे केस लावून मारतात." मी हसलो न्हाई. चहा पिऊन ती उठली, तेव्हा मला धीर निघेना. आईचा एकबी फोटो घरात न्हाई, अन् अलीकडं मला तिचा चेहराबी पुसट आठवून राह्यला.

"चालून दाखव," मी म्हणलो.

"काय?"

"आईसारखं."

"गुडघे गेले माझे, दादा."

"तिचेबी गेल्ते."

तिनं पदर डोक्यावर घेतला, हात कंबरेवर ठेवला अन् दारापासून चुलीकडं निघाली. मधीच थांबून वळली.

"दार लावलं का, ते पाहायची ती," मी म्हणलो.

"न्हाई रे," ती तशीच उभी राहून म्हणाली. "तू मागून येऊन राह्यला का, ते पाहायची मामी."

ती मान वळवून दाराकडंच पाहत राह्यली. मी खाटेवरून उठलो अन् दारात जाऊन उभा राह्यलो.