आईवर टाकलेलं धिमं कापड

हे मी आजवर कुणापाशी बोलले नाही. सौसरच्या बहिणीपाशी नाही, शाळेतल्या बायकांपाशी तर नाहीच. तुम्हाला का सांगतेय? माहीत नाही. हल्ली घरात बसवत नाही — उठते, पाणी पिते, पुन्हा बसते — एवढंच.

पांढुर्ण्यात लोक अजून माझं कौतुक करतात. लग्न केलं नाही, अंथरुणाला खिळलेल्या आईला शेवटपर्यंत सांभाळलं, आणि इतकं पडून राहूनही तिच्या पाठीला एक जखम नाही. परवाच भाजी घेताना एक बाई हात धरून म्हणाल्या, लेक असावी तर अशी. मी मेथीची जुडी उलटीपालटी करत राहिले. जखम का झाली नाही, हे त्यांना कळलं तर?

धिमं कापड तुम्ही बघितलं असेल. संत्र्याच्या पेट्यांवर टाकतात ते — राखाडी, हाताला जरा ओलसर लागणारं. त्याच्याखाली एक तास सरतो तोवर बाहेर अख्खा दिवस उलटतो. पंधरा दिवसांपूर्वी तोडलेला माल आज तोडल्यासारखा निघतो. टाकण्याआधी पेट्यांत मांजर तर शिरलं नाही ना, हे मंडीतले हमाल हात घालून बघतात. जित्या जिवावर ते टाकायचं नसतं, हे इथलं शेंबडं पोरही सांगेल. मला ठाऊक नव्हतं असं कसं म्हणू?

सुरुवात मायेनंच झाली, हे खरं. मी शाळेत गेले की आई दिवसभर एकटी. परत यावं तर ओल्या अंथरुणात रडवेली होऊन पडलेली. आमच्या बागेतलं एक कापड घरात होतं. एका सकाळी ते तिच्यावर टाकलं, कडा गादीखाली खोचल्या, संध्याकाळी काढलं. तिची फक्त वीस मिनिटं गेली होती. इतक्यात आलीस, म्हणून ती हसली. पाठीसाठी डॉक्टरांनी दिलंय, असं मी ठोकून दिलं; तिनं ओळखलं असेल तर दाखवलं नाही.

मग एका लग्नाला जायचं म्हणून दोन दिवस. मग डोकं दुखतंय म्हणून. मग — मग कारण लागेनासंच झालं.

आईची धाकटी बहीण, कमळामावशी, तिगावला राहायची. दर शनिवारी जामसांवलीला हनुमानाच्या दर्शनाला जायची आणि परतताना आमच्याकडे उतरायची. आईला ऐकू कमी, फोनचा उपयोग नाही. मावशी येऊन गेली की तिचा शनिवार व्हायचा. त्या दिवशी मी कापड टाकत नसे. एवढं एक पथ्य पाळत होते.

दिवाळीच्या सुट्टीत तेही मोडलं. बारा दिवस तिला झाकून ठेवलं. मी गावाला गेले होते का? छे. घरातच होते. चिवडा खात टीव्ही बघायचे, दुपारी ताणून द्यायचे. फार बरं वाटत होतं — हे लिहिताना हात थांबतोय, पण वाटत होतं.

शनिवारी मावशी आली. मी आतल्या दारात उभी राहिले. आत्ताच डोळा लागलाय, म्हटलं, उठवू नको. आत जाऊन कापड ओढायला किती वेळ लागला असता? पण मावशी संत्र्याच्या गावची. टोक जरी दिसलं असतं तरी तिनं ओळखलं असतं.

"मी बसतो ना बाई," ती म्हणाली. "उठन ते तिच्या मनानं."

दोन तास बसली. शेवटी मीच गाडीची आठवण करून दिली. आईच्या वाटणीचं प्रसादाचं खोबरं फळीवर ठेवून ती गेली. बुधवारी तिगावहून फोन आला — मावशी अंगणात पडली ती उठलीच नाही.

मातीला मी एकटी जाऊन आले. तरीही कापड काढलं नाही. काढलं ते शाळा उघडायच्या आदल्या दिवशी. आईनं पहिलं विचारलं, कमळी आली नाही का? शनिवार व्हायचाय अजून, मी म्हणाले.

त्यानंतर ती मावशीचं नाव काढायची आणि मी कापड हातात घ्यायचे. बहिणीच्या मरणाची बातमी तिला द्यायची, तर वार-तारीख आलीच. आणि मग मी पकडले जाणार. म्हणून महिने गेले, तिचा शनिवार काही आला नाही. एकदा उन्हाळ्यात पंखा फिरताना बघून ती दचकली. तिची दिवाळी तर आत्ताच झाली होती. मावशीबद्दल विचारणं तिनं त्या दिवसापासून सोडलं.

मग तो रविवार. मी गाऊनवर होते, केस मोकळे, एका हातात चहाचा कप आणि दुसऱ्या हातात कापड. तिनं मला वरपासून खालपर्यंत पाहिलं. मग स्वतःच कापडाचं टोक धरून छातीपर्यंत ओढलं.

"टाक बाई," ती म्हणाली. "तुले शाळेले उशीर होऊन राहिला."

मी टाकलं. कडा खोचल्या. संध्याकाळी काढलं तेव्हा ती गेलेली होती, अंग अजून गरम होतं. तिचा शेवटचा अर्धा तास मी बाहेरच्या खोलीत दिवसभर टीव्ही बघत घालवला.